सत्तेचाळीस नंबरची कॅसेट

पडद्यावर डॉक्टर दिसायला हवा होता. दिसला बेडूक.

हिरवा सदरा, हिरवी विजार, डोक्याला पुठ्ठ्याचे दोन गोल डोळे बांधलेले. सहा-सात वर्षांची एक मुलगी शाळेच्या स्टेजवर उकिडवी बसून टाळ्यांच्या ठेक्यावर उड्या मारत होती. तिच्या मागे झाड झालेला एक जाडगेला मुलगा हात वर करून उभा होता आणि मधूनच नाक खाजवत होता.

"ताई, कॅसेट हीच ना?" मेकॅनिकनं विचारलं. जुन्या कॅसेटी चालवणारं यंत्र शहरात आता त्याच्याकडेच उरलं होतं. तेही त्यानं तीन मोडक्या यंत्रांचे भाग जोडून उभं केलेलं.

ताईंनी डबी पुन्हा डोळ्यांजवळ नेली. सत्तेचाळीस. अक्षर त्यांचंच.

"पुढे घ्या," त्या म्हणाल्या.

पुढेही बेडूकच होता. मग झाड, मग ढग, मग पुन्हा बेडूक. बेडूक एक उडी चुकला, थांबला आणि प्रेक्षकांत कुणाला तरी शोधू लागला. कॅमेऱ्यामागून कुणी तरी हसल्याचा आवाज आला. चोवीस वर्षांपूर्वीचं स्वतःचं ते हसू ताईंनी लगेच ओळखलं.

"कोण हो ही? गोड आहे पोर."

"माझी मुलगी."

मेकॅनिकनं कॅसेट तशीच चालू ठेवली. बावीस मिनिटांनी चित्र फाटलं, पडदाभर आडव्या रेघा धावल्या, आणि मग कारखान्याच्या दवाखान्याची खिडकी आली. खिडकीपाशी पांढऱ्या कोटातला डॉक्टर. तो दाराकडे एकदा पाहून हलक्या आवाजात म्हणाला, "हे तुम्ही फिल्ममध्ये टाकू नका हं, ताई. माझी मुलं लहान आहेत." त्यावर ताईंचा आवाज: "नाही टाकणार. शब्द देते." डॉक्टर बेसिनकडे वळला, त्यानं हात धुतले, टॉवेलला पुसले. कॅसेट संपली.

टाकू नका म्हणाला तो भाग त्याच्या आधी होता. त्याच्यावर आता बेडूक नाचत होता.

*

ताईंनी तेहेतीस वर्षांत चौदा फिल्म केल्या होत्या. गटारात उतरणाऱ्यांवर एक, धरणात गेलेल्या गावांवर दोन, भट्टीत काम करणाऱ्या बायकांवर एक. या फिल्म थिएटरात लागत नसत. शाळांच्या हॉलमध्ये, युनियनच्या कचेऱ्यांत, कॉलेजांत पांढरी चादर बांधून त्या दाखवल्या जात, लोक गप्प होत, कुणी तरी डोळे पुसे, आणि शेवटी एक जण हमखास उठून विचारी, "मग आता आम्ही काय करायचं?" ताईंना त्याचं उत्तर कधीच धड देता आलं नव्हतं.

त्यांतली सगळ्यांत गाजलेली फिल्म सिमेंटच्या पत्र्यांच्या कारखान्यावरची. पत्र्यात मिसळायची पांढरी भुकटी पोत्यांतून यायची. पोती हातानं फोडायची, फावड्यानं ओढायची. वर्षानुवर्षं ती श्वासातून आत गेली की छातीचा पार दगड होतो. कारखान्याच्या डॉक्टरनं कॅमेऱ्यासमोर सांगितलं, "साधी धूळ आहे. गरम पाण्याच्या गुळण्या करा." ते आधीच्या कॅसेटीवर होतं, फिल्ममध्ये आहे. पण मुलाखत झाल्यावर, कॅमेरा बंद झाला असं समजून, तो खिडकीपाशी गेला आणि म्हणाला की कामगारांच्या छातीचे फोटो दर सहा महिन्यांनी निघतात, त्यांत डाग दिसतात, आठ वर्षांपासून दिसतायत, आणि ते अहवाल कामगारांना दाखवायचे नाहीत असा मॅनेजरचा हुकूम आहे. ताईंचा कॅमेरा चालूच होता. मागाहून ते ध्यानात आल्यावर डॉक्टरचा चेहरा उतरला. ताईंनी शब्द दिला आणि पाळला. कॅसेट डबीत घालून ठेवून दिली.

कारखाना बंद पडला. कामगार कोर्टात गेले. अकरा वर्षं तारखा पडत राहिल्या. चार महिन्यांपूर्वी कंपनीनं तडजोड पुढे केली: थोडी भरपाई घ्या आणि सही करा की आम्हाला धोका माहीत नव्हता. एक्केचाळीस जण उरले होते. सह्या करायला सगळे जमले. त्या सभेत ताई उठल्या. डॉक्टर गेल्याची बातमी त्यांना त्याच आठवड्यात कळली होती. आपण शब्दातून सुटलो असं त्यांना वाटलं.

"सही करू नका," त्या म्हणाल्या. "कंपनीला सगळं माहीत होतं. माझ्याकडे डॉक्टरच्या तोंडचं आहे."

एकानंही सही केली नाही. कंपनीनं तडजोड मागे घेतली.

आता सुनावणीला नऊ दिवस होते.

*

"यातून काय सिद्ध होतं?" कामगारांच्या वकीलबाईंनी कॉम्प्युटरवर तो तुकडा तीनदा पाहिला. "तो काही तरी बोलला, आणि ते दाखवू नका म्हणाला. काय बोलला? उद्या समोरचा वकील म्हणेल, डॉक्टर म्हणत होता की माझे केस विंचरलेले नव्हते."

"मी साक्ष देते. मी ऐकलंय."

"तुम्ही फिल्म केलीत, मोर्चात चाललात, सभेत भाषण केलंत. तुम्ही ऐकलंय याला कोर्ट किती वजन देईल?" वकीलबाई चष्मा काढून डोळे चोळत राहिल्या. "ताई, चार महिन्यांपूर्वी बोलायच्या आधी एकदा कॅसेट लावून का नाही पाहिलीत?"

पाहायला यंत्र नव्हतं, हे खरं होतं. पण पाहायची गरज वाटली नव्हती, हे त्याहून खरं. तो डॉक्टर, ती खिडकी, त्याचा शब्द न् शब्द ताईंना पाठ होता. जे इतकं पाठ आहे ते डबीत असणारच.

कॅसेटीच्या कडेला एक लाल खटका असतो. तो सरकवला की कॅसेटीवर पुन्हा काही चढत नाही. तेहेतीस वर्षांत ताईंनी तो सरकवला नाही असं एकदाच झालं. त्या दिवशी कारखान्यातून तडक शाळेत पोचायचं होतं. लेकीचा कार्यक्रम चारला, आणि याआधीचे तीन चुकले होते. पिशवीतली कोरी कॅसेट काढली असं समजून त्यांनी दवाखान्यातलीच, मागे गुंडाळून ठेवलेली, कॅमेऱ्यात सारली, शेवटच्या रांगेमागे दारापाशी उभं राहून बावीस मिनिटं शूटिंग केलं, आणि पाळी बदलायच्या आत कारखान्याच्या फाटकावर परत जायचं म्हणून कार्यक्रम संपण्याआधीच निघाल्या. पुढे घरी ती कॅसेट कितीही शोधली तरी सापडली नाही. कशी सापडणार? ती सत्तेचाळीस नंबरच्या डबीत होती.

त्या दिवशी संध्याकाळी ताईंनी लेकीला फोन केला. ती आता एकतीस वर्षांची, दुसऱ्या शहरात नोकरीला. दोघींचं बोलणं हवापाण्यापुढे सहसा जात नसे.

"तुला एक पाठवलंय. बघ," ताई म्हणाल्या आणि ते कशावर चढलंय तेही त्यांनी सांगितलं.

अर्ध्या तासानं लेकीचा फोन आला.

"म्हणजे तू आली होतीस?"

"मी सांगितलं होतं तुला तेव्हा."

"मी म्हटलं, आली होतीस तर दाखव. तू म्हणालीस, सापडत नाही." लेक थांबली. "आई, मी आजवर धरून चालले होते की तू खोटं बोललीस. सगळ्यांत जास्त राग मला त्याचाच होता. न येण्याचा नव्हता."

"आता तरी कळलं ना."

"कळून काय करू?" लेक म्हणाली. आवाज चढलेला नव्हता, नुसता थकलेला होता. "आणि त्या माणसांचं काय होणार आता?"



*

कामगारांच्या वतीनं बोलणारा मुकादम होता. बाकीच्यांना सांगण्याआधी त्याला सांगायला हवं होतं. तिसऱ्या दिवशी सकाळी ताई कॅमेऱ्याची पिशवी खांद्याला लावून त्याच्या घरी गेल्या. पिशवी न्यायचं काही कारण नव्हतं. तिच्याशिवाय कुणाच्या दारात उभं राहायची त्यांना सवयच नव्हती.

दोन खोल्या, खिडकीजवळ खाट, खाटेशेजारी हवा देणारं यंत्र. दिवसभर त्याची घरघर चाले आणि त्याची नळी मुकादमाच्या नाकाशी चिकटवलेली असे. एकेकाळी हा माणूस दोन पोती दोन काखांत घेऊन जिना चढत असे. तो प्रसंग फिल्ममध्ये आहे. आता तो पाच-सहा शब्द बोलून थांबे, श्वास गोळा करी आणि पुढचे पाच-सहा बोले.

ताईंनी आडपडदा न ठेवता सगळं सांगितलं. बेडकासकट.

मुकादमाची बायको दारात उभी होती. ताई तिला वहिनी म्हणत. तिनं सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाली, "तुम्ही त्या दिवशी सभेला आला नसता तर बरं झालं असतं."

"हो," ताई म्हणाल्या.

"सही करायला यांना पाठीवर घेऊन गेला होता शेजारचा. पेन हातात होतं यांच्या. थोडं का होईना, मिळालं असतं. आमचं राहू द्या, ज्यांच्या घरात लहान पोरं आहेत त्यांना काय तोंड दाखवणार तुम्ही?"

"वहिनी, मला नाही माहीत."

"तुम्हाला कधी काय माहीत असतं? तुम्ही येता, विचारता, आम्ही सांगतो, तुम्ही जाता."

"पुरे," खाटेवरून आवाज आला. मुकादमानं हात हलवून ताईंना जवळ बोलावलं. "ते दाखवा. बेडूक."

"आता?"

"मग कधी?"

ताईंनी मोबाइल त्याच्यासमोर धरला. मुकादमानं सगळी बावीस मिनिटं पाहिली. झाडानं नाक खाजवलं तेव्हा तो हसला आणि हसण्यानं त्याला इतकी ढास लागली की वहिनींना पाठ चोळावी लागली. बेडूक चुकून थांबला तिथं मात्र तो हसला नाही. शेवटी डॉक्टर आला, हात धुवून गेला.

"तुम्ही येऊन सांगितलंत," तो म्हणाला. "नसतं सांगितलं तर... तुम्ही कॅसेट खराब झाली म्हणाला असतात, तरी चाललं असतं. कोण बघायला जातंय." मग त्यानं पिशवीकडे बोट दाखवलं. "कॅमेरा आणलाय ना? लावा."

"कशाला, मुकादम?"

"लावा तर."

ताईंनी कॅमेरा तिकाटण्यावर चढवला, कानाला हेडफोन लावले. यंत्राच्या घरघरीत आवाज बुडत होता. मुकादमाच्या ते लक्षात आलं. "ते बंद कर," तो बायकोला म्हणाला. "तीन-चार मिनिटं निघतात माझी. मग लाव. मग पुन्हा बंद कर."

तसं सुरू झालं. वहिनी यंत्राच्या बटणापाशी स्टुलावर बसल्या. बंद केलं की मुकादम बोले, ओठ काळसर पडू लागले की त्या चालू करीत, दहा मिनिटांनी पुन्हा बंद. नुसत्या नावगावाला आणि नोकरीच्या वर्षांना दोन खेपा लागल्या. तिसऱ्या खेपेला तो म्हणाला:

"डॉक्टरचे अहवाल मॅनेजरकडे जायचे. पाकिटातून. ती पाकिटं मी नेत होतो. बारा वर्षं. सगळ्यांना वाटायचं, मुकादमाला सही करण्यापुरतं येतं. मला वाचता येत होतं, ताई. पाकिटं नुसती दुमडलेली असायची. मी वाचायचो. छातीत डाग. भुकटीच्या खात्यात ठेवू नये. असं लिहिलेलं असायचं, माणसाच्या नावानिशी. मी मॅनेजरला विचारलं. तो म्हणाला, तुझं क्वार्टर कुणी दिलंय, लक्षात आहे ना. मी परत काही विचारलं नाही."

वहिनींनी यंत्र चालू केलं. त्यांचा हात बटणावरून निघाला नाही. दहा मिनिटं गेली. खाली गल्लीत कुणी तरी मोटरसायकलला किका मारत होतं. ताईंनी खुणेनं विचारलं, थांबायचं का. मुकादमानं मान हलवली: नाही. वहिनींनी यंत्र बंद केलं.

"त्यांत हिच्या भावाचं पाकीट होतं," तो म्हणाला.

ताईंनी वहिनींकडे पाहिलं नाही. डोळा कॅमेऱ्यालाच ठेवला.

"नोकरीला मीच लावला होता. पाकीट वाचल्यावर मी त्याला बाहेर काढलं, फाटकावर बसवलं. तिथं पगार कमी. तो भांडला. म्हणाला, भाऊजी, माझ्या पोटावर का पाय देता? तेव्हा सांगायला पाहिजे होतं. सांगितलं असतं तर गावभर झालं असतं. मला कसं माहीत, असं विचारलं असतं. मग मी त्याला... परत आत घेतला. सात वर्षांनी गेला. बत्तीस वर्षांचा होता."

मुकादमाचा श्वास संपला. तोंड उघडं राहिलं, मान मागे गेली. यंत्र बंद होतं.

"मीच म्हटलं होतं," वहिनी म्हणाल्या. त्या कुणाशी बोलत होत्या ते कळत नव्हतं. "तो माझ्याकडे येऊन रडला. मी यांच्याशी आठ दिवस बोलले नाही. म्हटलं, माझा भाऊ म्हणून तुम्हाला खुपतो. घ्या त्याला परत आत. मीच म्हटलं होतं."

बोट बटणावर होतं. मुकादम बायकोकडे पाहत होता. त्यानं हात वर केला नाही, खूणही केली नाही. हेडफोनमधून ताईंना त्याच्या घशातली शीळ अगदी कानापाशी ऐकू येत होती. उठावं, आपण बटण दाबावं, हे त्यांना कळत होतं आणि पाय हलत नव्हते. कॅमेरा चालू असताना आजवर त्या कशातच मध्ये पडल्या नव्हत्या. समोर जे घडतंय ते घडू द्यायचं, हाच त्यांचा धंदा होता. मग त्यांनी हेडफोन ओरबाडून काढले आणि त्या उठल्या.

त्या पोचायच्या आत घरघर सुरू झाली. वहिनींनी बटण दाबलं होतं. नळी सारखी केली, नवऱ्याच्या तोंडावरचा घाम पदरानं पुसला आणि त्या आतल्या खोलीत निघून गेल्या.

निघताना ताई आतल्या दाराशी थांबल्या. "वहिनी, हे कोर्टात लावायचं की नाही, तुम्ही म्हणाल तसं."

"मला आज काही विचारू नका," आतून उत्तर आलं.

*

वकीलबाई म्हणाल्या की हे सोन्यासारखं आहे, पण माणूस कोर्टात हजर पाहिजे. उलटतपासणी व्हायला हवी. स्ट्रेचरची, गाडीची व्यवस्था झाली. सुनावणीच्या दोन दिवस आधी पहाटे मुकादम गेला.

त्यानं पाकिटांची गोष्ट आदल्या दिवशी शेजाऱ्याला बोलावून स्वतःच सांगितली होती. शेजाऱ्याकडून ती घरोघर गेली. प्रेताला खांदा द्यायला चार माणसं मिळाली, पण त्यांतले दोघं वहिनींचे माहेरचे होते. एरवी कुणा कामगाराचं झालं की सगळी वस्ती लोटायची. ताई मागून चालल्या. कॅमेरा त्यांनी घरी ठेवला होता.

सुनावणीच्या दिवशी वहिनी कोर्टाच्या फाटकात उभ्या होत्या. एकट्याच आल्या होत्या.

"लावा ते," त्या म्हणाल्या. आणखी काही बोलल्या नाहीत.

लावलं. कोर्टातल्या भिंतीवरच्या टीव्हीवर मुकादम बोलत होता, थांबत होता, बोलत होता. कंपनीचा वकील उठून म्हणाला, बोलणारा हयात नाही, त्याला प्रश्न विचारता येत नाहीत, आणि ही बाई पुरावा असल्याची थाप याआधी एकदा मारून बसली आहे. न्यायाधीशांनी ताईंना उभं केलं आणि विचारलं, "पहिल्या कॅसेटीचं काय झालं?" ताईंनी भरल्या कोर्टात सांगितलं. मागच्या बाकांवरून कुणी तरी हसलं. तो कामगारच होता. हसता हसता त्याला खोकला लागला आणि तो बाहेर गेला.

निकाल लागला नाही. ध्वनिचित्रणात फेरफार आहे की नाही ते तज्ज्ञाकडून तपासून घ्यावं, तोवर कॅमेरा आणि कार्ड कोर्टात जमा करावं, असा आदेश झाला. पुढची तारीख चार महिन्यांनंतरची.

कारकुनानं कॅमेरा पिशवीत घातला, पिशवीला लाख लावली, ताईंची सही घेतली. सही करताना तारीख काय ते त्यांना दोनदा विचारावं लागलं.

बाहेर व्हरांड्यात माणसं पांगत होती. अडतीस-चाळीस जण पायऱ्या उतरले. बाकावर बसलेल्या वहिनींसमोरूनच वाट होती. काही जण खाली मान घालून गेले, काही जण मान ताठ करून गेले. एक म्हातारा थांबल्यासारखा झाला, पण त्याच्या मुलानं त्याला पुढे नेलं. ताईंकडेही कुणी पाहिलं नाही.

सगळे गेल्यावर ताई बाकाच्या दुसऱ्या टोकाला बसल्या.

"माझंही घ्या," वहिनी म्हणाल्या.

"काय घेऊ?"

"माझं बोलणं. भावाचं सांगायचंय. तुमच्या फिल्ममध्ये तो एकदाच आहे, तोही पाठमोरा."

"कॅमेरा जमा झाला, वहिनी. मोबाइल फाटकावर ठेवून घेतलाय. आत्ता माझ्याकडे काहीच नाही."

वहिनी ताईंकडे वळून बसल्या.

"मग नुसतं ऐका."

ताईंनी मान हलवली. हात कुठे ठेवावेत ते त्यांना कळेना. शेवटी त्यांनी ते मांडीवर ठेवले. वहिनी बोलू लागल्या. भाऊ त्यांच्याहून नऊ वर्षांनी लहान होता, आई गेली तेव्हा तो रांगतही नव्हता, त्याला कडेवर घेऊनच त्या शाळेत जायच्या आणि बाई ओरडू नयेत म्हणून सगळ्यांत मागच्या बाकावर बसायच्या. व्हरांड्याच्या त्या टोकाकडून शिपाई एकेक खिडकी लावत येत होता. तो यांच्यापाशी पोचला, दोघींकडे पाहिलं, आणि ती एक खिडकी उघडी ठेवून पुढे गेला.